मिग-२१ उडवायचं तर कुठलं सिम (फ्लाइट सिम्युलेटर)? आणि वीस वर्षांच्या अपडेटांनी नेमकं काय बदललं?

इंदिरानगरी

नमस्कार मंडळी. प्रश्न लांब आहे, सांभाळून घ्या.

वडील ओझर मिगला होते, म्हणजे नाशिकजवळच्या हिंदुस्तान एरोनॉटिक्सच्या विमान कारखान्यात, सांगाडा जोडणाऱ्या स्ट्रक्चर शॉपला. २६ सप्टेंबर २०२५ला चंदीगडला मिग-२१चा निरोप झाला तो त्यांनी टीव्हीसमोर खुर्ची ओढून पूर्ण पाहिला, मध्ये चहाही घेतला नाही. संपल्यावर मला म्हणाले, "जोडलं आयुष्यभर, पण आत बसल्यावर पुढचं काही दिसतं का रे?" मला उत्तर देता आलं नाही. म्हणून हा धागा.

माझी पार्श्वभूमी: कॉलेजात असताना लॉक ऑन नावाचा विमानांचा गेम खेळायचो, २००३ साली आलेला तो. कॉलेज रोडच्या एका सायबर कॅफेतून सीडी फिरत फिरत माझ्याकडे आली होती, पुढचं विचारू नका. त्यात मिग-२९ होतं, सुखोई-२७ होतं, पण मिग-२१ उडवता यायचं नाही. आणि सगळं कीबोर्डवर. मग अंबडला नोकरी लागली, शिफ्टा सुरू झाल्या, लग्न झालं आणि तो पीसी भंगारात गेला.

आता परत बघायला गेलो तर डोकं गरगरलं. लॉक ऑनचं डीसीएस (डिजिटल कॉम्बॅट सिम्युलेटर) झालंय. फाल्कन नावाच्या जुन्या सिमचं बीएमएस झालंय. आयएल-२, म्हणजे दुसऱ्या महायुद्धातल्या विमानांचं सिम, तर कुठलं आयएल-२ हेच आधी विचारावं लागतं. प्रत्येकाचे व्हर्जन नंबर, महिन्या-दोन महिन्यांनी अपडेट आणि प्रत्येक अपडेटखाली लोकांची हमरीतुमरी. व्हिडिओत ढग आणि पाण्यावरची चमक दिसते, पण मला तेवढंच बघायचं नाही. वीस वर्षांत विमान बदललं की नुसतं चित्र बदललं? मिग-२१ त्यातल्या त्यात खरं कुठे आहे? आपलं बायसन, म्हणजे हवाई दलाचं सुधारित मिग-२१, मिळेल का? आणि मी कष्टाने शिकायचं आणि पुढच्या अपडेटला ते बाद व्हायचं, असं होत असेल तर आत्ताच सांगा.

पीसी साधा आहे: रायझन ५, सोळा जीबी रॅम, आठ जीबीचं ग्राफिक्स कार्ड. जॉयस्टिक अजून घेतलेली नाही.

मेनरोड_मॅव्हरिक

वॉर थंडर हा गेम टाक भावा. मिग-२१ची बिस ही आवृत्ती त्यात आहे, माऊसने उडतं, डाऊनलोड फुकट. मात्र ते विमान हातात यायला खूप खेळावं लागतं किंवा पैसे ओतावे लागतात. सिमच्या नादाला लागलास तर आधी स्टिक, मग पेडल, मग व्हीआर, मग वहिनींची घरात शांतता. विचार कर.

पॅनेलकाका_ओझर

इंदिरानगरी, वडिलांना माझा नमस्कार सांगा. मी इन्स्ट्रुमेंटला होतो. म्हणजे पायलट डायल ज्या बाजूने बघतो त्याच्या मागच्या बाजूला माझी नोकरी गेली. निवृत्तीनंतर मुलगा पुण्याला जाताना त्याचा जुना पीसी ठेवून गेला, तेव्हापासून पुढच्या बाजूने बघतोय. खाली जे लिहितो ते सगळं संग्रहालयातल्या विमानात कुणालाही दिसेल असं आहे. त्यापलीकडचं विचारू नका, सांगणार नाही.

वडिलांच्या प्रश्नाचं उत्तर आधी. पुढचं फार दिसत नाही. समोर गनसाइटचं धूड, त्याच्या दोन्ही बाजूंना काचेची जाड चौकट. उतरताना नाक वर असतं, तेव्हा धावपट्टी त्या चौकटीच्या आणि नाकाच्या मधल्या फटीतून शोधायची. मागचं बघायला छतावर छोटासा आरसा आहे, बस. डीसीएसमध्ये मिग-२१ बिस आहे आणि हे सगळं त्यात जसंच्या तसं आहे. ते निळसर हिरवं पॅनेल बघून माझा पहिला अर्धा तास नुसता बघण्यात गेला, इंजिन सुरूही केलं नाही.

आता अपडेटांचं. तुम्ही विचारलंत चित्र बदललं की विमान. माझं सरळ मत सांगतो, पटलं तर घ्या. चांगला अपडेट खेळणाऱ्याला काही देत नाही, त्याच्याकडून काढून घेतो. काल जे करता येत होतं ते आज करता येत नाही, कारण खऱ्या विमानात ते कधीच करता येत नव्हतं. लोकांची हमरीतुमरी म्हणताय ती निम्मी यावरूनच असते.

उदाहरण आयएल-२चं घ्या. जुनं, २००१चं. ओलेग मॅडॉक्सच्या टीमने बनवलेलं. २००६ला '१९४६' नावाने सगळं एकत्र करून आलं आणि मूळ टीम पुढच्या कामाला लागली. तिथे ते संपायला हवं होतं. पण टीम डायडालोस नावाच्या हौशी लोकांनी ४.०९पासून पॅच काढायला घेतले, पुढे कित्येक वर्षं. त्यातल्या ४.१०ने काय केलं? विमानाच्या सांगाड्याला जीची, म्हणजे जोरात वळताना-ओढताना पडणाऱ्या भाराची, मर्यादा घातली, तीही अंगावर किती ओझं आहे ते बघून. त्याआधी पोटाखाली बॉम्ब लटकवून सूर मारायचा आणि स्टिक पोटात घालून बाहेर यायचं, विमान हूं की चूं करायचं नाही. ४.१०नंतर तसं केलं की पंख वाकायला लागले, तुटायला लागले. किती लोक चिडले! तुमचे वडील रिव्हेटिंगचे, त्यांना विचारा यात बरोबर कोण. पुढे ४.११मध्ये शत्रूच्या एआयवर, म्हणजे कॉम्प्युटर उडवतो त्या विमानांवर, मोठं काम झालं, तेव्हा समोरचा जरा माणसासारखा उडायला लागला. या सगळ्यात चित्र होतं जवळपास तसंच राहिलं. मी तरी याला सिमच्या इतिहासातले सगळ्यात मोलाचे पॅच मानतो.

आता तुमच्या लॉक ऑनची वंशावळ. २००५ला त्याला फ्लेमिंग क्लिफ्स जोडलं गेलं. मग त्याच ईगल डायनॅमिक्सने २००८ला ब्लॅक शार्क काढलं, म्हणजे का-५० हेलिकॉप्टर. तिथे मोठा फरक पडला. लॉक ऑनमध्ये इंजिन सुरू करायला एक कळ होती. ब्लॅक शार्कमध्ये कॉकपिटातलं एकेक स्विच माऊसने दाबून, योग्य क्रमाने, योग्य वेळ थांबून. २०११ला ए-१०सी आलं, २०१२ला डीसीएस वर्ल्ड: पाया फुकट, विमानं विकत, त्यांना मॉड्यूल म्हणतात. २०१५च्या १.५मध्ये ग्राफिक्सचं इंजिन बदलून डायरेक्टएक्स ११वर आलं. त्यानंतर काही काळ गोंधळाचा होता, कारण नेवाडाचा नकाशा २.० नावाच्या वेगळ्या इन्स्टॉलमध्ये आणि कॉकेशस १.५मध्ये, दोन्ही डिस्कवर ठेवायचे. २०१८च्या २.५ने ते एक झालं. २०२१च्या २.७मध्ये ढग आले. ढग सुंदर, पण सुरुवातीला एआयला त्यातून आरपार दिसायचं. तुम्ही ढगात लपलात असं तुम्हाला वाटायचं, त्याला नाही. २.८मध्ये ते ढग वाऱ्याबरोबर सरकायला लागले.

मला विचाराल तर तुमच्या पीसीसाठी सगळ्यात मोठा अपडेट २०२३च्या मार्चचा, ज्याचं एकही चित्र काढता येत नाही. त्याआधी प्रोसेसरला सहा कोर असोत की सोळा, बहुतेक काम एका-दोघांच्या डोक्यावर. तेव्हा मल्टिथ्रेडिंग आलं, म्हणजे काम वाटलं गेलं. त्याच वर्षी ऑक्टोबरात २.९ आलं, त्यात डीएलएसएस वगैरे, म्हणजे चित्र लहान काढून मोठं दाखवायची सोय. पहिल्याचा फायदा तुमच्या रायझन ५ला, दुसऱ्याचा ग्राफिक्स कार्डाला.

मिग-२१ बिस त्यात २०१४च्या सप्टेंबरात आलं. बनवणारी टीम वेगळी होती, लेदरनेक. तिची नंतर फाटाफूट झाली आणि आता तेच विमान मॅग्निट्यूड थ्री सांभाळते. वयाने जुनं मॉड्यूल आहे. नव्या मॉड्यूलांच्या कॉकपिटाशेजारी ठेवलं तर पोत थोडे शिळे वाटतील. तरीही मी त्यातच बसतो, कारण ज्या गोष्टी मी पॅनेलच्या मागून लावल्या त्या तिथे आहेत.

इंधनाचा काटा घ्या. बहुतेकांना वाटतं काटा टाकीत बघून सांगतो. मिग-२१मध्ये तसं नाही. तो इंजिनाकडे किती गेलं ते मोजतो आणि सुरुवातीला हाताने लावलेल्या आकड्यातून वजा करत जातो. उड्डाणाआधी आकडा लावलाच नाही तर काटा तुम्हाला आरामात खोटं सांगेल. सिममध्ये हे आहे! बाजूला नॉब आहे, तो फिरवून आकडा लावायचा.

दुसरं, एआरयू नावाची पेटी. स्टिक तेवढीच ओढली तरी मागचं टेलप्लेन किती हलायचं हे ती पेटी वेग आणि उंची बघून ठरवते. जोरात असाल तर थोडं, हळू असाल तर जास्त. सिममध्ये तिचा दर्शक आहे, आणि ती बिघडवता येते. मग कळतं ती काय करत होती.

पॅनेलच्या मधोमध उभी पांढरी रेघ दिसेल. ती सजावट नाही. विमान गिरक्या घ्यायला लागलं की स्टिक त्या रेघेवर आणून धरायची, कारण अशा वेळी मध्य कुठला हे हाताला कळत नाही.

उतरणं हा तर स्वतंत्र विषय. बिसमध्ये एसपीएस आहे, इंजिनातून हवा घेऊन ती फ्लॅपवर फुंकली जाते म्हणून विमान कमी वेगातही तरंगतं. कमी म्हणजे तरी ताशी तीनशे किलोमीटरच्या आसपास. आता नवा माणूस काय करतो? धावपट्टी आली, वेग जास्त वाटला, थ्रॉटल मागे. थ्रॉटल मागे की हवा कमी, हवा कमी की उचल कमी, आणि विमान धप्पकन खाली. लॉक ऑनमधली सवय इथे तुम्हाला मारेल. टेकेपर्यंत इंजिनाला दम देत राहायचं.

या विमानाच्या उड्डाणाच्या गणितात आल्यापासून बऱ्याच वेळा हात घातला गेलाय. वळण ओढलं की वेग किती झडतो, नाक कुठपर्यंत सहन करतं, यात फरक पडत गेले. डेल्टा, म्हणजे त्रिकोणी पंख आहेत, एका वळणात सगळी पुंजी संपते. ज्यांना ते गोल गोल फिरवायची सवय होती त्यांना नवीन गणित आवडलं नाही. मला आवडलं.

बायसन विसरा. बायसन म्हणजे कोप्यो रडार, आर-७३ आणि आर-७७ क्षेपणास्त्रं, समोर हड, म्हणजे आकडे दाखवणारी काच. ते बहुतेक काम ओझरला झालं, पण सिममध्ये आहे ते न सुधारलेलं बिस: जुनं सफीर रडार आणि गोल डायल. रंग भारतीय देता येतो, आतलं नाही. खरं सांगायचं तर ओझरला १९८७पर्यंत जे बिस बनत होतं त्याच्या हे जास्त जवळचं आहे. वडिलांना ओळखीचं तेच वाटेल.

खरेदी लगेच करू नका. डीसीएसमध्ये बरीचशी मॉड्यूल चौदा दिवस फुकट चालवून बघता येतात. एसएसडी मात्र हवाच, शंभर जीबीच्या खूप वर जागा लागते. रॅम सोळाची बत्तीस करा, ग्राफिक्स कार्डाआधी तो खर्च करा.

इंदिरानगरी

काका, हे बाबांना वाचून दाखवलं. इंधनाच्या काट्यावर म्हणाले, "हे याला कोणी सांगितलं?" तुमचं नाव विचारत होते, मी म्हटलं इथे कोणी नाव सांगत नाही.

दोन गोष्टी राहिल्या. एक, अपडेटने शिकलेलं बाद होतं का, ते नाही सांगितलंत. दोन, लॉक ऑनमध्ये एकेक मिशन संपलं की जग संपायचं. पुढच्या मिशनला तोच पूल परत उभा. वीस वर्षांत हे तरी बदललं असेल ना? एकटाच खेळणार आहे, रात्री दहानंतर, ऑनलाइन पोरांच्या शिव्या खायचा उत्साह नाही.

निफाड_वायपर

आता माझ्या अंगणात आलात. डीसीएसमध्ये हे वीस वर्षांत बदललेलं नाही. डायनॅमिक कॅम्पेन येणार येणार हे मी माझी द्राक्षबाग लावायच्या आधीपासून ऐकतोय. बाग उत्पन्नाला लागली, कॅम्पेन येतंय.

आणि ही गोष्ट झालेली कधी आहे? डिसेंबर १९९८. फाल्कन ४.०. मायक्रोप्रोजचं. कोरियात युद्ध चालू आहे, तुम्ही एफ-१६ घेऊन गेलात काय, घरी झोपलात काय, युद्ध चालूच. रणगाड्यांच्या तुकड्या पुढे सरकतात, दारूगोळा संपतो, तुम्ही पाडलेला पूल पडलेलाच राहतो आणि त्यामुळे पलीकडची रसद अडते. ९८च्या पीसीवर हे कसं जमवलं? युक्ती अशी की तुमच्या विमानाभोवती एक फुगा कल्पायचा. फुग्याच्या आतला प्रत्येक रणगाडा, प्रत्येक विमान खरं, एकेक मोजून. बाहेरचे सगळे नुसते आकडे: अमुक बटालियन, इतकी ताकद, या दिशेला. तुम्ही जवळ गेलात की आकड्यांची माणसं होतात.

पण बाजारात आलं तेव्हा चुकांनी भरलेलं. सोबत सहाशे पानांच्या आसपासची जाडजूड मॅन्युअल आणि आत जागोजागी क्रॅश. वर्षभर पॅच आले, १९९९च्या डिसेंबरात १.०८ आला आणि टीमच घरी बसवली. कंपनी तेव्हा हॅस्ब्रोच्या हातात गेली होती. झालं, संपलं. मग २०००च्या एप्रिलमध्ये सोर्स कोड बाहेर फुटला. कायद्याने चूक की बरोबर यावर वाद घाला, पण तो फुटला नसता तर आज आपण हे बोलत नसतो. त्याच्यावर वेगवेगळ्या टोळ्यांनी काम केलं, आपसात भांडल्या, फुटल्या, जुळल्या. शेवटी बीएमएस म्हणजे बेंचमार्क सिम्स टिकली. २०११ला त्यांचं ४.३२ आलं, तेव्हा आत जुनं फाल्कन शोधावं लागत होतं: उड्डाणाचं गणित नवीन, एव्हिऑनिक्स (विमानातली इलेक्ट्रॉनिक्स) नवीन, चित्र नवीन. २०१५ला ४.३३. २०२२च्या मार्चला ४.३६, वर्ष संपायच्या आत ४.३७ आणि त्यात व्हीआर. पगार कोणालाही नाही. बीएमएस फुकट आहे, अट एकच, मूळ फाल्कन ४.० तुमच्याकडे असायला हवं. ते ऑनलाइन किरकोळ किमतीत मिळतं.

काकांचं "चांगला अपडेट काढून घेतो" मला अर्धंच पटलं. बीएमएसने खूप काही दिलंय. पण एक खरं, त्यांनी एफ-१६च्या रडारवर काम केलं तेव्हा जुन्या फाल्कनमधलं "बटण दाबा आणि लक्ष्य मिळालं" हे गेलं. आता रडार कुठे बघतोय, किती वर-खाली बघतोय, हे तुम्ही सांगायचं. नाही सांगितलं तर तो आकाशाचा चुकीचा तुकडा प्रामाणिकपणे बघत बसतो.

मिग-२१ बीएमएसमध्ये आहे, शत्रू म्हणून. स्वतः उडवायला गेलात तर आतून एफ-१६चाच वास येतो. तर भाऊ, विमान हवं तर काकांचं ऐक, युद्ध हवं तर माझं. तुझ्या पीसीवर बीएमएस आरामात चालेल.

पॅनेलकाका_ओझर

वायपर म्हणतात ते मान्य, डीसीएसमधलं जग मेलेलं आहे. मिशन एडिटरमध्ये मी स्वतः जग उभं करतो, पण संपलं की संपलं. आणि एक दुखणं त्याहून मोठं, तेही सांगून ठेवतो. तुम्ही जे मिग-२१ उडवता त्याला सगळं बारीक गणित लागू. समोरचं एआय मात्र सोप्या गणितावर उडतं. त्याचा वेग वळणात तितका झडत नाही. मिग-१५ एआयच्या हातात दिलं की ते ज्या कोनात चढतं ते बघून आमच्या शॉपमध्ये कोणी तरी चहा सांडला असता. कंपनीने एआयसाठी सुधारित मॉडेल जाहीर केलंय. यायला लागलं की ते काढून घेणारं असेल, या वेळी समोरच्याकडून.

म्हणून एकट्याने खेळणाऱ्याने एआय विमानांशी फिरत बसू नये. मिग-२१ला जमिनीवरची कामं द्या. १४ डिसेंबर १९७१ला ढाक्याच्या गव्हर्नमेंट हाऊसवर मिग-२१नी रॉकेटं टाकली, ती ५७ मिलिमीटरची. तसली रॉकेटं सिममध्ये आहेत. खाली येऊन, उथळ सूर मारून, त्या जुन्या साइटमधून एखादी इमारत टिपून दाखवा. एक संध्याकाळ कशी जाते कळत नाही, आणि एआयचं चढणं-बिढणं मध्ये येत नाही.

शिकलेलं बाद होतं का? पद्धती बाद होत नाहीत. इंजिन सुरू करायचा क्रम, नेव्हिगेशन, उतरायची गती हे २०१४ला जे होतं ते मोठ्या अंशी आजही तेच. बदलतो तो हाताचा अंदाज: किती ओढायचं, कधी सोडायचं. तो दोन संध्याकाळींत परत येतो. मात्र आणखी एक शहाणपण पाळा. तुमच्या सगळ्या कळांची जुळवणी विंडोजच्या सेव्ह्ड गेम्स फोल्डरमध्ये, डीसीएसच्या कॉन्फिगमध्ये, इनपुट नावाच्या फोल्डरमध्ये असते. प्रत्येक अपडेटच्या आधी तो फोल्डर पेन ड्राइव्हवर. आणि आपल्याकडे शनिवारी लाईट जाते हे लक्षात ठेवून अपडेट शुक्रवारी रात्री लावू नका. अर्ध्यात तुटला तर अपडेटरला दुरुस्तीची आज्ञा देता येते, पण ती प्रत्येक फाइल तपासते, रात्र जाते.

पूर्वी स्थिर आणि बीटा अशा दोन शाखा होत्या, घाबरट लोक स्थिरवर बसायचे. २०२४पासून एकच शाखा आहे. त्यामुळे जुनं व्हर्जन जपून ठेवायचा विचार सोडा. अपडेट आला की आठवडाभर थांबा, बाकीच्यांना ओरडू द्या, मग लावा. चेंजलॉग, म्हणजे बदलांची यादी, मात्र येईल त्या दिवशी वाचा, त्यात तुमच्या विमानाचं नाव कुठे आहे ते शोधा. ट्रेलर नाही पाहिलात तरी चालेल.

मेनरोड_मॅव्हरिक

एवढं वाचून मी पण चौदा दिवसांची ट्रायल लावली. इंजिन चालू, सगळं छान, पण विमान सरळ जातच नाही. टॅक्सीवेवरून दोनदा गवतात. स्टिअरिंग कुठल्या कळीवर आहे?

पॅनेलकाका_ओझर

स्टिअरिंग नाहीच. मिग-२१चं पुढचं चाक मोकळं असतं, ते नुसतं मागोमाग फिरतं. ब्रेक हवेचे, आणि त्यांची मूठ स्टिकवर, सायकलसारखी. पेडल ज्या बाजूला दाबाल त्या बाजूच्या चाकाला जास्त ब्रेक मिळतो. म्हणजे वळायचं तर पेडल आणि ब्रेक एकदम. नुसतं पेडल दाबून काही होत नाही, नुसता ब्रेक दाबला तर सरळ थांबतं.

इंदिरानगरी

ट्रायल माझीही सुरू आहे, बत्तीस जीबी रॅम शनिवारी येतेय. पेडल घेतलेली नाहीत. फिरणाऱ्या दांड्याची स्टिक आहे, म्हणजे दांडा पिळला की रडर. ब्रेक कशाला लावू, बटणाला की अक्षाला?

पॅनेलकाका_ओझर

थ्रॉटलवर छोटा सरकता अक्ष असेल तर त्याला लावा, कमी-जास्त दाब देता येतो. नसेल तर ट्रिगरच्या खालच्या बटणाला, म्हणजे करंगळीने दाबता येईल. मग दांडा पिळून धरा आणि बटण टपटप दाबत वळा, सतत दाबून ठेवू नका. हवेची बाटली असते, तिचा दाब दाखवणारा डायलही पॅनेलवर आहे. टॅक्सी करतानाच हवा उडवलीत तर उतरल्यावर थांबायला फक्त शेपटीतलं पॅराशूट उरेल, आणि त्याची कळ तुम्ही अजून लावलेली नसणार.